डॉ. दाभोलकर, त्यांचा कायदा आणि आपण

(पेण आणि रोहा परिसरातील महिला मंडळांच्या एकत्रित बैठकीत केलेल्या भाषणाचा हा मजकूर. बोलण्याची भाषा तशीच ठेवली आहे.)



डॉ. नरेंद्र दाभोलकरांविषयी बोला, असं मला सांगितलं गेलं तेव्हा इथल्याच दोघीतिघींनी विचारलं, "ताई, हा माणूस साताऱ्याचा, खून झाला पुण्यात. आपण पेण-रोह्याच्या बायका. आपला त्यात संबंध काय?" प्रश्न सरळ आहे. उत्तरही सरळच देते. ज्या कायद्यासाठी हा माणूस सुमारे अठरा वर्षं झटला, तो कायदा वाचायला घेतला तर कलमामागून कलम आपल्याबद्दल बोलतं. बाईच्या शरीराबद्दल, तिच्या अब्रूबद्दल, तिच्या आजाराबद्दल. त्यांच्या हयातीत तो झाला नाही. त्यांचा खून झाला आणि चार दिवसांत वटहुकूम निघाला. आज इथे बसलेल्या आपल्यापैकी किती जणींनी तो वाचला आहे, हात वर करा म्हटलं तर फार हात वर येतील असं मला वाटत नाही. म्हणून मी आज त्यांच्या मरणाची गोष्ट सांगणार आहेच, पण ती त्या कायद्यापर्यंत पोचण्यासाठी.

आधी त्यांचं जगणं. १ नोव्हेंबर १९४५ चा जन्म, सातारा. दहा भावंडांतलं शेंडेफळ. थोरले भाऊ देवदत्त दाभोलकर मोठे शिक्षणतज्ज्ञ, पुणे विद्यापीठाचे कुलगुरू होते. नरेंद्र मिरजेला डॉक्टर झाले. पण तरुणपणी ते ओळखले जायचे ते कबड्डीपटू म्हणून. बांगलादेशाविरुद्ध भारताकडून खेळले, राज्याचा शिवछत्रपती पुरस्कार मिळाला. त्यांचं काम ज्यांनी जवळून पाहिलं त्या सांगतात, की चढाईला जाऊन दम न सोडण्याची ती सवय शेवटपर्यंत गेली नाही.

बारा वर्षं डॉक्टरकी केली आणि सोडली. बाबा आढावांच्या 'एक गाव एक पाणवठा' चळवळीत ते उतरले होते. १९८९ मध्ये महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समिती स्थापन झाली. साताऱ्याला 'परिवर्तन' हे व्यसनमुक्तीचं केंद्र उभं राहिलं. दारूड्याच्या घरातल्या बाईला अशा केंद्राचा अर्थ वेगळा सांगायला नको. १९९८ पासून मरेपर्यंत साने गुरुजींच्या 'साधना' साप्ताहिकाचं संपादन त्यांनी केलं. एसटीने गावोगाव हिंडायचं, शाळेत बोलायचं, रात्री परत निघायचं, असा दिनक्रम. आपण बायका या ठिकाणी एक प्रश्न नेहमी विचारतो, नवरा समाजकार्याला गेला तर घर कोण बघतं? त्यांच्या पत्नी शैलाताई स्वतः डॉक्टर. चळवळीच्या इतिहासात अशा बाईचं नाव शेवटच्या ओळीत येतं. मी ते इथे मधोमध घेते.

मुलाचं नाव त्यांनी ठेवलं हमीद. मुस्लिम समाजात तलाकपीडित बायकांसाठी झगडणाऱ्या हमीद दलवाईंवरून. मुलीचं नाव मुक्ता. २०१३ साली साताऱ्यात त्यांच्या चितेला अग्नी दिला तो मुक्ताने, कोणतेही विधी न करता. आपल्या गावात बाईने स्मशानात जायचं नाही अशी रीत अजून पुष्कळ ठिकाणी आहे. त्या दिवशी बापाच्या मरणातही एक रीत मोडली गेली.

आता आपल्या कामाशी जोडून दोनतीन गोष्टी सांगते.

पहिली शनिशिंगणापूरची. तिथल्या चौथऱ्यावर बायकांनी चढायचं नाही असा दंडक होता. २००० साली दाभोलकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याविरुद्ध सत्याग्रह पुकारला. पोलिसांनी अडवलं, अटक केली. तेव्हा बऱ्याच जणांनी नाक मुरडलं होतं. देव न मानणाऱ्यांना देवळात कशाला जायचंय, असं म्हणाले. प्रश्न देवाचा नव्हता, समान हक्काचा होता. पुढे सोळा वर्षांनी विद्या बाळ आणि ॲड. नीलिमा वर्तक यांच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने सांगितलं, की जिथे पुरुष जाऊ शकतो तिथे बाईला अडवता येणार नाही. आणि यासाठी नवा कायदा लागला नाही, १९५६ चाच कायदा पुरेसा होता. साठ वर्षं कायदा होता, वापरणारं कुणी नव्हतं. हे वाक्य लक्षात ठेवा, मी त्याच्याकडे परत येणार आहे.

दुसरी गोष्ट अंगात येण्याची. आपल्याकडे पालखीच्या वेळी, नवरात्रात, अमावास्येला बायकांच्या अंगात येतं. आपल्यातल्याच शिकलेल्या बायका हसतात, ढोंग म्हणतात. समितीच्या कार्यकर्त्यांनी आणि मानसोपचार जाणणाऱ्यांनी याचा वेगळा अर्थ लावून दाखवला. जी सून वर्षभर मान वर करत नाही, तिच्या अंगात आलं की सासू पाया पडते, नवरा नारळ आणतो, सगळं घर तिचं ऐकतं. त्या तासाभरात तिला बोलायला मिळतं. मग दोष कुणाचा? तिचा, की उरलेले तीनशे चौसष्ट दिवस तिला बोलू न देणाऱ्या घराचा? कधी हा दबलेल्या मनाचा उद्रेक असतो, कधी खरोखरचा मनाचा आजार असतो. दोन्ही वेळेला तिला माणसाची गरज असते, चाबकाची नव्हे. ज्याला श्रद्धा आहे त्याची टिंगल करायची नाही आणि जो त्या श्रद्धेवर पोट भरतो त्याला सोडायचं नाही, ही त्या कामाची रीत होती. आपण वाड्यावस्त्यांवर काम करतो तेव्हा हीच रीत उपयोगी पडते. बाईच्या देवाला नावं ठेवलीत की ती दार लावून घेते. तिच्या अंगावरच्या वळांबद्दल विचारलंत तर ती बोलते.

तिसरी गोष्ट त्यांच्या शेवटच्या दोन महिन्यांतली. २०१३ च्या जूनमध्ये नाशिकला एका बापाने आपल्या गर्भार मुलीचा गळा आवळला. तिने जातीबाहेर लग्न केलं होतं आणि बापाच्या मागे जातपंचायतीचा दबाव होता. समितीने 'जातपंचायतीला मूठमाती' ही मोहीम हाती घेतली. ८ ऑगस्टला नाशिकला परिषद, १५ ऑगस्टला लातूरला. १९ तारखेला ते मुंबईत जातपंचायतींवरच्याच चर्चेत होते. रात्री पुण्याला परतले.

२० ऑगस्टच्या सकाळी सव्वासातच्या सुमारास ते फिरायला निघाले. ओंकारेश्वराजवळचा, महर्षी विठ्ठल रामजी शिंद्यांच्या नावाचा पूल. मोटारसायकलवरून आलेल्या दोघांनी मागून गोळ्या झाडल्या. वय ६७. धमक्या अनेक वर्षं येत होत्या, पोलीस संरक्षण त्यांनी घेतलं नव्हतं. म्हणजे पाहा, त्यांच्या आयुष्यातली शेवटची मोहीम एका खून झालेल्या मुलीसाठी होती.

तपासाची कथा लांबलचक आहे, थोडक्यात सांगते. आधी पुणे पोलीस, मग उच्च न्यायालयाच्या आदेशाने २०१४ मध्ये सीबीआय. गोळ्या झाडल्याचा आरोप असलेल्या दोघांना अटक झाली २०१८ मध्ये. १० मे २०२४ रोजी पुण्याच्या विशेष न्यायालयाने त्या दोघांना जन्मठेप दिली. कट रचल्याचा आणि मदत केल्याचा आरोप असलेले तिघे पुराव्याअभावी सुटले. खुनामागचे सूत्रधार तपास यंत्रणेला उघड करता आले नाहीत, हे न्यायालयानेही नोंदवलं. आरोपी सनातन संस्थेशी निगडित होते असं सीबीआयचं म्हणणं. संस्थेने खुनाशी आपला संबंध नाकारला. गोळी झाडणारे हात शिक्षेपर्यंत पोचले, त्यांना सांगणारं तोंड नाही.

मधल्या काळात १६ फेब्रुवारी २०१५ ला कोल्हापुरात गोविंद पानसरे आणि त्यांच्या पत्नी उमाताई यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या, पानसरे चार दिवसांनी गेले. ३० ऑगस्टला धारवाडला प्रा. कलबुर्गी. ५ सप्टेंबर २०१७ ला बंगळूरमध्ये घराच्या दारात गौरी लंकेश. ही चारही माणसं लिहिणारी, बोलणारी होती. हत्यार कुणाकडेच नव्हतं.

आता मला संप्रदाय आणि पंथ यांबद्दल थोडं बोलायचं आहे, कारण इथे बसलेल्यांत माळकरी आहेत, बैठकीला जाणाऱ्या आहेत, उपास करणाऱ्या आहेत. कुणालाही वाटू नये की हे आपल्याविरुद्ध चाललंय. संप्रदाय म्हटलं की मला जनाबाई, सोयराबाई, मुक्ताबाई आठवतात. या बायका देवाशीसुद्धा भांडल्या, आणि संप्रदायाने त्यांना संत म्हटलं. जिथे देवाला जाब विचारता येतो तिथे भीती नाही. भीती तिथे आहे, जिथे गुरूला प्रश्न विचारणं हेच पाप ठरतं. प्रश्न विचारणारा आधी 'भरकटलेला' ठरतो, मग 'द्रोही' होतो, आणि एक दिवस त्याला संपवणं हीच कुणाला सेवा वाटू लागते.

हे फक्त देव न मानणाऱ्यांच्याच वाट्याला येतं असंही नाही. रोह्याच्या बायकांना पांडुरंगशास्त्री आठवले यांचं नाव सांगायला नको. ते रोह्यात जन्मले. स्वाध्यायाच्या कामाची दखल मॅगसेसे आणि टेम्पल्टन पुरस्कारांनी घेतली. ते २००३ मध्ये गेले. त्याच परिवारातले एक जुने अनुयायी, परदेशात राहिलेले पंकज त्रिवेदी, यांनी भूकंपासाठी गोळा झालेल्या पैशाचा हिशेब विचारायला सुरुवात केली. त्यांच्यावर ठिकठिकाणी खटले टाकले गेले. १५ जून २००६ च्या रात्री अहमदाबादमध्ये त्यांना मारहाण करून ठार करण्यात आलं. एकोणीस वर्षांनी, २०२५ मध्ये, तिथल्या न्यायालयाने दहा जणांना जन्मठेप दिली. हा माणूस नास्तिक नव्हता, आतलाच होता. विचारला होता तो फक्त हिशेब. आपल्या बचत गटात आपण दर महिन्याला वही उघडून हिशेब विचारतो. तो विचारायला मिळणं ही किती मोठी गोष्ट आहे, हे अशा वेळी कळतं.

आणि पुणे, अहमदाबाद लांब आहे असंही समजू नका. २००८ च्या जूनमध्ये ठाण्याच्या गडकरी रंगायतनात एका नाटकाचा निषेध म्हणून बॉम्ब ठेवला गेला, माणसं जखमी झाली. त्या खटल्यात २०११ मध्ये दोघांना शिक्षा झाली. तपासाचा एक धागा आपल्या पेण तालुक्यातल्या गावापर्यंत आला होता.

आता कायदा. त्याचं नाव लांब आहे: महाराष्ट्र नरबळी आणि इतर अमानुष, अनिष्ट व अघोरी प्रथा व जादूटोणा प्रतिबंध व उच्चाटन अधिनियम, २०१३. आपण जादूटोणाविरोधी कायदा म्हणतो. २००५ मध्ये विधानसभेत विधेयक मंजूर झालं आणि परिषदेत अडकलं. धर्म बुडेल, वारी बंद होईल, सत्यनारायण घालता येणार नाही, असा प्रचार झाला. दाभोलकर एकेका आक्षेपाला उत्तर देत, मसुदा बदलत राहिले. २४ ऑगस्ट २०१३ ला वटहुकूम निघाला, डिसेंबरमध्ये कायदा झाला. त्यात स्वच्छ लिहिलं आहे की वारी, यात्रा, प्रदक्षिणा, भजन, कीर्तन, घरातली पूजा यांना हा कायदा लागू नाही.

मग लागू कशाला आहे? ऐका. भूत उतरवण्याच्या नावाखाली बांधून ठेवणं, मारणं, मिरचीची धुरी देणं, चटके देणं, मूत्र-विष्ठा पाजणं. एखाद्या बाईला चेटकीण, भुताळी, करणी करणारी म्हणून बदनाम करणं, तिच्यामुळे रोगराई आली असं सांगणं, तिची धिंड काढणं. साप-विंचू-कुत्रा चावल्यावर दवाखान्यात जाऊ न देता मंत्राने बरं करतो म्हणणं. पोटातल्या गर्भाचं लिंग बदलून देतो म्हणणं. मूल न होणाऱ्या बाईला दैवी शक्तीने मूल देतो सांगून तिच्याशी शरीरसंबंध ठेवणं. मागच्या जन्मी तू माझी बायको होतीस, असं सांगून लैंगिक संबंध ठेवणं. गुप्तधनासाठी अघोरी कृत्य, नरबळी. शिक्षा सहा महिने ते सात वर्षं, शिवाय दंड. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. म्हणजे पोलिसांनी तक्रार घेतलीच पाहिजे.

पाहिलंत? ही यादी काढणाऱ्याने आपली गावं पाहिली होती. नरबळीचं कलम कुणाला गोष्टीतलं वाटत असेल तर १९७२ ते १९७४ मधलं परभणी जिल्ह्यातलं मानवत आठवा. धनासाठी आणि मुलासाठी दहा खून झाले. बळी गेलेल्यांत निम्म्या दहाएक वर्षांच्या मुली होत्या, बाकी बहुतेक बाया. खटल्यावर लिहिलं गेलं, बोललं गेलं, ते मारणाऱ्यांविषयी आणि तपास करणाऱ्यांविषयी. त्या मुली कोण होत्या, कुठल्या शाळेत जात होत्या, हे कुणी फारसं विचारलंही नाही.

साप-विंचवाचं कलमही आपलंच आहे. आपल्याच जिल्ह्यात महाडला डॉ. हिंमतराव बावस्करांनी विंचूदंशावर आयुष्य घालवलं. प्राझोसिन ही साधी गोळी वेळेवर दिली तर माणूस वाचतो, हे त्यांनी जगाला दाखवून दिलं. पण वेळेवर म्हणजे भगताकडे दोन तास न घालवता. भातलावणीच्या दिवसांत बांधावर आपणच असतो. चावतं ते आपल्यालाच.

एक अनुभव सांगते. गाव सांगत नाही, त्या मुलीला त्रास होईल. बाळंत होऊन महिना झालेली सून रात्रभर झोपेना, बडबडू लागली, बाळाला जवळ घेईना. भगताने सांगितलं, बाहेरची बाधा आहे. तिला खांबाला बांधून मिरचीची धुरी दिली. शेजारणीने आम्हाला निरोप धाडला. आम्ही चौघी गेलो. पोलीस चौकीत उत्तर मिळालं, हा घरातला मामला, त्यात देवाधर्माचं, समजुतीने घ्या. आम्ही कायद्याची प्रत नेली होती. पहिलं कलम मोठ्याने वाचलं, पुन्हा वाचलं. रात्री अकराला तक्रार लिहून घेतली. मुलीला जिल्ह्याच्या दवाखान्यात नेलं. बाळंतपणानंतर येणारा मनाचा आजार होता. औषधाने दोन महिन्यांत सावरली. तिची सासू आता आम्हाला भेटली की मान खाली घालते. मी तिला सांगते, मावशी, तुम्हाला कुणी दुसरा रस्ता दाखवलाच नव्हता.

म्हणून मी मघाशी म्हटलं, शनिशिंगणापूरचं लक्षात ठेवा. कायदा असतो, वापरणारं कुणी लागतं. मूठमाती मोहिमेतूनही पुढे सामाजिक बहिष्काराविरुद्ध २०१६ चा कायदा झाला, २०१७ मध्ये तो लागू झाला. वाळीत टाकणं काय असतं हे रायगडच्या बाईला शिकवावं लागत नाही. गावकीने कुणाला वाळीत टाकलं की पाणी भरायला, दळणाला, दुकानात आधी बाई जाते आणि आधी तीच परत फिरवली जाते. तीन वर्षांपर्यंत कैदेची शिक्षा आहे, हे गावकीच्या पंचांना कुणी सांगायचं? आपणच.

तेव्हा माझं मागणं तीन कामांचं आहे. एक, दोन्ही कायद्यांच्या मराठी प्रती प्रत्येक मंडळाने मिळवाव्यात आणि बैठकीत मोठ्याने वाचाव्यात. एका बैठकीत एक कलम घेतलं तरी चालेल, ज्यांना वाचता येत नाही त्यांना ऐकून पाठ होईल. दोन, या कायद्याखाली पोलीस ठाण्यात दक्षता अधिकारी नेमायचा असतो. आपल्या ठाण्यात तो कोण आहे हे विचारायला पाचजणींनी जावं. एकटीने जाऊ नये. तीन, आशाताई आणि अंगणवाडीताई यांना बरोबर घ्यावं. घरात काय चाललंय ते त्यांना सगळ्यांच्या आधी कळतं.

आणि एक करू नका. दाभोलकरांचा फोटो लावून हार घालून नमस्कार करू नका. त्यांचा पंथ करू नका. ते चुकले असतील तिथे चुकले म्हणा, पटत नसेल तिथे भांडा. तीनशे पासष्ट दिवस बोलणारी सून, हिशेब मागणारी सभासद आणि ठाण्यात कलम वाचून दाखवणारी बाई, या तिघी गावोगाव असल्या की पुष्कळ झालं.

आता माझं पुरे. कुणाला काय विचारायचंय ते विचारा. मघाशी मागे दोघी काहीतरी कुजबुजत होत्या, आधी त्यांनी बोलावं.